उन्हाळा फिनिक्समध्ये, हिवाळा रशियात

फेब्रुवारी २०१५च्या पहिल्या आठवड्यात अमेरिकेतील फिनिक्स मर्क्युरी या महिला बास्केटबॉल संघाच्या चाहत्यांसाठी एक पत्र प्रसिद्ध झाले. पत्र लिहिणारी होती संघाची सर्वांत मोठी खेळाडू, डायना तौरासी. येत्या हंगामात आपण खेळणार नाही, असे तिने त्यात कळविले होते. ती जखमी नव्हती, आजारी नव्हती आणि संघाशी तिचे बिनसलेही नव्हते. अवघ्या पाच महिन्यांपूर्वी, सप्टेंबर २०१४मध्ये, मर्क्युरीने अजिंक्यपद पटकावले होते आणि अंतिम मालिकेतील सर्वोत्कृष्ट खेळाडूचा मान तिलाच मिळाला होता. न खेळण्याचे कारण निराळेच होते. रशियातील येकातेरिनबुर्ग येथील ज्या क्लबसाठी ती हिवाळ्यात खेळत असे, त्या क्लबने तिला अमेरिकेत न खेळण्याबद्दल पैसे देऊ केले होते. उन्हाळाभर विश्रांती घ्यावी आणि ताजेतवाने होऊन पुढच्या हिवाळ्यात परत यावे, एवढीच क्लबची अपेक्षा होती.

या व्यवहाराचे आकडे त्या वेळी अमेरिकी वृत्तपत्रांतून प्रसिद्ध झाले आणि अनेकांना धक्का बसला. महिलांच्या डब्ल्यूएनबीए या व्यावसायिक लीगमध्ये त्या काळी सर्वाधिक वेतन घेणाऱ्या खेळाडूला वर्षाला एक लाख सात हजार डॉलरच्या आसपास मिळत. येकातेरिनबुर्गचा क्लब तौरासीला एका हंगामासाठी सुमारे १५ लाख डॉलर देत असल्याचे सांगितले जात होते. घरी बसल्याने बुडणाऱ्या अमेरिकी वेतनाची भरपाई त्याखेरीज निराळी. पुरुषांच्या एनबीएमध्ये त्याच वर्षी अगदी नवख्या, बाकावरच बसून राहणाऱ्या खेळाडूचे किमान वेतन पाच लाख डॉलरहून अधिक होते, हे लक्षात घेतले म्हणजे डब्ल्यूएनबीएच्या एक लाखाचे मोल कळते.

तौरासीची कारकीर्द तशी पदकांच्या आणि विक्रमांच्या यादीतून सहज सांगता येते. सहा ऑलिम्पिक सुवर्णपदके, तीन डब्ल्यूएनबीए अजिंक्यपदे, सहा युरोलीग अजिंक्यपदे आणि डब्ल्यूएनबीएच्या इतिहासातील सर्वाधिक गुण. परंतु एवढ्या मोठ्या खेळाडूला वर्षानुवर्षे आपला चरितार्थ मायदेशापासून हजारो मैलांवर का शोधावा लागला, हा प्रश्न त्या यादीत सापडत नाही. महिला बास्केटबॉलपटूचे व्यावसायिक आयुष्य कशावर उभे असते, हे समजून घ्यायचे तर याच प्रश्नापासून सुरुवात केली पाहिजे.

१९९६च्या अटलांटा ऑलिम्पिकमध्ये अमेरिकेच्या महिला संघाने सुवर्णपदक मिळविले. त्याच वर्षी एनबीएने महिलांसाठी स्वतंत्र लीग स्थापन केली आणि जून १९९७मध्ये आठ संघांनिशी तिचे सामने सुरू झाले. सुरुवातीला हे सगळे संघ एनबीएच्या संघांशी जोडलेले होते. पुरुषांचा हंगाम ऑक्टोबरपासून जूनपर्यंत चालतो. उरलेल्या उन्हाळी महिन्यांत मोठमोठी बंदिस्त क्रीडागारे रिकामी असतात आणि दूरचित्रवाणीच्या वाहिन्यांनाही काही तरी दाखवायचे असते. महिलांची लीग या रिकाम्या वेळेत बसविण्यात आली. ही सोय मालकांची होती, पण तिने खेळाडूंच्या आयुष्याचे वेळापत्रक ठरवून टाकले. युरोपातील क्लबांचा हंगाम ऑक्टोबर ते एप्रिल-मे असा असतो. अमेरिकेतील हंगाम संपला की विमानात बसायचे, युरोपात सहा-सात महिने खेळायचे, परत आल्यावर काही दिवसांत पुन्हा घरच्या संघाच्या सराव शिबिरात दाखल व्हायचे, हा क्रम त्यातून रूढ झाला. ज्या वर्षी ऑलिम्पिक असेल, त्या वर्षी राष्ट्रीय संघाची शिबिरे त्यातच बसवावी लागत.

तौरासीला परदेशात राहण्याचे नवल वाटण्याचे कारण नव्हते. तिचे वडील मारिओ यांचा जन्म इटलीतला, पण ते वाढले अर्जेंटिनात. ते गोलरक्षक म्हणून व्यावसायिक फुटबॉल खेळले होते. आई लिलियाना अर्जेंटिनाची. कॅलिफोर्नियात लॉस एंजेलिसच्या पूर्वेला असलेल्या चिनो या गावात ती वाढली. घरात बोलणे स्पॅनिशमध्ये चाले. पुढे वडिलांच्या वारशाने तिला इटलीचे नागरिकत्वही मिळाले. युरोपातील क्लबांना संघात किती अमेरिकी खेळाडू घेता येतील यावर मर्यादा असे. त्यामुळे युरोपीय पारपत्र ही खेळाडूच्या दृष्टीने मोलाची वस्तू होती. हे मोल किती, ते बेकी हॅमनच्या उदाहरणावरून दिसते. साउथ डकोटात जन्मलेल्या हॅमनला अमेरिकेच्या राष्ट्रीय संघात जागा मिळाली नाही. मॉस्कोच्या एका क्लबशी करार असताना तिने रशियाचे नागरिकत्व घेतले आणि २००८च्या बीजिंग ऑलिम्पिकमध्ये ती रशियाच्या गणवेशात उतरली. तेव्हा तिच्या देशभक्तीवर अमेरिकेत बरीच चर्चा झाली. तिच्या वेतनपत्रकावर मात्र फारशी झाली नाही.

कनेक्टिकट विद्यापीठात जिनो ऑरिएमा या प्रशिक्षकाच्या हाताखाली तौरासी चार वर्षे खेळली. या काळात विद्यापीठाच्या संघाने १३९ सामने जिंकले आणि केवळ आठ गमावले. २००२, २००३ आणि २००४ अशी सलग तीन वर्षे राष्ट्रीय अजिंक्यपद कनेक्टिकटकडे आले. यांतील पहिल्या वर्षी संघात स्यू बर्डसारख्या चार ज्येष्ठ, तयार खेळाडू होत्या. त्या एकदम बाहेर पडल्यानंतरची दोन अजिंक्यपदे अधिक बोलकी आहेत, कारण तेव्हा संघाचा भार प्रामुख्याने तौरासीच्या खांद्यावर होता. अमेरिकेत महाविद्यालयीन महिला बास्केटबॉलला मोठा प्रेक्षकवर्ग आहे. शिक्षणसंस्थांत लिंगभेदास मनाई करणाऱ्या १९७२च्या कायद्याने मुलींच्या खेळांना निधी आणि शिष्यवृत्त्या मिळू लागल्या, त्यातून तो घडला. गंमत अशी, की ही लोकप्रियता विद्यापीठातून व्यावसायिक लीगमध्ये आपोआप येत नसे. पदवी घेऊन बाहेर पडणारी खेळाडू अनेकदा भरलेल्या क्रीडागारातून अर्ध्या रिकाम्या क्रीडागारात येत असे.

२००४च्या निवडप्रक्रियेत, म्हणजे ड्राफ्टमध्ये, मर्क्युरीने तिला पहिल्या क्रमांकावर निवडले. ज्या संघाची कामगिरी वाईट, त्याला चांगली खेळाडू निवडण्याची संधी आधी, असे या पद्धतीचे तत्त्व आहे. मर्क्युरीने आदल्या हंगामात ३४ पैकी २६ सामने गमावले होते. तौरासी आली आणि पहिल्याच वर्षी संघाचे विजय-पराजय बरोबरीत आले. तिला वर्षातील सर्वोत्कृष्ट नवोदित खेळाडू ठरविण्यात आले. त्याच उन्हाळ्यात अथेन्सला तिने पहिले ऑलिम्पिक सुवर्णपदक मिळविले. देशातील सर्वोत्तम नवोदित म्हणून निवडल्या गेलेल्या या खेळाडूचे त्या वर्षीचे वेतन चाळीस हजार डॉलरच्या आसपास होते. तिच्या जीवनावरील २०२५च्या माहितीमालिकेत तिने याच विषयावर बोलताना, क्रीडागाराच्या साफसफाईचे काम करणाऱ्याला आपल्यापेक्षा अधिक पगार होता, असे तिच्या नेहमीच्या झणझणीत भाषेत सुनावले.

तिच्या खेळाबद्दल येथे थोडे सांगायला हवे. उंची सहा फूट. धावण्याचा वेग किंवा उडी या बाबतींत तिच्याहून सरस अशा कितीतरी खेळाडू लीगमध्ये होत्या. तिची ताकद होती चेंडू सोडण्याच्या झटपटपणात आणि अंतराचे भय नसण्यात. तीन गुणांच्या रेषेच्या बऱ्याच मागून, बचाव करणारी खेळाडू हात वर करते न करते तोच, चेंडू तिच्या हातातून सुटलेला असे. तीन गुणांच्या यशस्वी फेकींचा डब्ल्यूएनबीएतील विक्रमही तिच्याच नावावर आहे. स्वभाव तिखट. पंचांशी हुज्जत घालणे, प्रतिस्पर्ध्यांना टोमणे मारणे आणि त्यापायी दंड भरणे हे तिचे नित्याचेच. २००९ साली मद्यपान करून गाडी चालविल्याबद्दल तिला अटक झाली आणि संघाने दोन सामन्यांसाठी तिला बाहेर ठेवले. त्याच वर्षी ती लीगची सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरली आणि अंतिम मालिकेचीही.

२००६मध्ये पॉल वेस्टहेड हे मर्क्युरीचे प्रशिक्षक झाले. प्रतिस्पर्ध्याला श्वास घेण्याची उसंत न देता सतत धावायचे आणि चेंडू हाती आल्यावर काही सेकंदांतच फेक करायची, ही त्यांची पद्धत. ती तौरासीला मानवली. त्या हंगामात तिने सामन्यामागे २५.३ गुणांच्या सरासरीने ८६० गुण केले. एका हंगामातील सर्वाधिक गुणांचा हा विक्रम पुढे २०२३पर्यंत टिकला. २००७मध्ये मर्क्युरीने डेट्रॉइटच्या घरच्या मैदानावर पाचवा, निर्णायक सामना जिंकून पहिले अजिंक्यपद मिळविले. तोवर डब्ल्यूएनबीएमध्ये कुठल्याही संघाने प्रतिस्पर्ध्याच्या मैदानावर अजिंक्यपद निश्चित केलेले नव्हते.

इकडे हिवाळे रशियात जात होते. २००५च्या सुमारास ती प्रथम मॉस्कोच्या डायनामो संघाकडे गेली. त्यानंतर मॉस्कोजवळच्या विद्नोये येथील स्पार्टाक या संघाकडे. स्पार्टाकचे मालक शबताई काल्मानोविच हे एखाद्या हेरकथेत शोभावे असे गृहस्थ होते. लिथुआनियात जन्म, इस्रायलमध्ये स्थलांतर, सोव्हिएत संघासाठी हेरगिरी केल्याबद्दल इस्रायलमध्ये तुरुंगवास आणि सुटकेनंतर रशियात बड्या उद्योजकाचे जीवन, असा त्यांचा प्रवास. बास्केटबॉलचे त्यांना वेड होते. तौरासी आणि स्यू बर्ड यांना त्यांनी प्रशस्त बंगल्यात ठेवले. स्वयंपाकी, वाहनचालक, भेटवस्तू, कशाचीच कमतरता नव्हती. अमेरिकेत या दोघी सर्वसामान्य प्रवाशांच्या विमानातून, दोन आसनांच्या मध्ये गुडघे दुमडून प्रवास करीत.

स्पार्टाकला तिकीटविक्रीतून हा खर्च भरून काढता येणे शक्य नव्हते. त्यांचे क्रीडागार लहान होते. पैसा येत होता तो मालकाच्या खिशातून. महाराष्ट्रातील वाचकाला हा प्रकार अगदीच अपरिचित वाटू नये. कोल्हापूरच्या तालमींतील मल्लांना शाहू महाराजांनी जो आश्रय दिला, त्यामागे तिकिटांच्या उत्पन्नाचा हिशेब नव्हता. राजाश्रयाला नफा-तोट्याचे गणित लागत नाही. पण राजा गेला की काय, हा प्रश्न मात्र त्याच्याबरोबरच येतो. २ नोव्हेंबर २००९ रोजी मॉस्कोत भर रस्त्यात काल्मानोविच यांच्या मोटारीवर गोळ्यांचा वर्षाव झाला आणि ते ठार झाले. त्यांच्या पत्नीने संघाची सूत्रे हाती घेतली. संघ त्या हंगामात खेळत राहिला आणि एप्रिल २०१०मध्ये त्याने सलग चौथे युरोलीग अजिंक्यपद मिळविले. तौरासी आणि बर्ड दोघीही त्या संघात होत्या. आपल्या मालकाची हत्या झालेल्या शहरात राहून पुढील सहा महिने खेळणे हा या व्यवसायाचा भाग होऊन बसला होता.

त्यानंतरचा हिवाळा तिने इस्तंबूलच्या फेनरबाहचे क्लबकडे काढायचे ठरविले. डिसेंबर २०१०मध्ये तिच्या तपासणीत मोडाफिनिल हे प्रतिबंधित द्रव्य आढळल्याचे जाहीर झाले. दुसऱ्या नमुन्याचाही निष्कर्ष तसाच आला. क्लबने करार रद्द केला. दोन वर्षांची बंदी आली असती, तर २०१२च्या लंडन ऑलिम्पिकचे दार बंद झाले असते आणि पुढची सारी कारकीर्द संशयाच्या छायेत गेली असती. तिने आरोप साफ नाकारला. फेब्रुवारी २०११मध्ये अंकारातील ज्या प्रयोगशाळेने हा अहवाल दिला होता, तिनेच तो मागे घेतला. तौरासीवरील निलंबन उठले. दरम्यानचा काळ, पैसा आणि मनःस्ताप यांची भरपाई अर्थातच कोणी केली नाही. पुढच्या हिवाळ्यात ती पुन्हा इस्तंबूललाच गेली. मात्र फेनरबाहचेच्या कट्टर प्रतिस्पर्धी गलातासरायकडे. तिचा स्वभाव ठाऊक असलेल्यांना यात आश्चर्य वाटले नाही.

२०१२पासून ती येकातेरिनबुर्गच्या यूएमएमसी संघाची झाली. उरल पर्वतराजीच्या परिसरातील हे औद्योगिक शहर. तेथे हिवाळ्यात तापमान शून्याखाली वीस अंशांपर्यंत सहज उतरते. क्लबच्या नावातील अक्षरे उरल खाण आणि धातू कंपनीची आहेत. तांब्याच्या उत्पादनातील ही रशियातील एक मोठी कंपनी. तिच्या पैशावर जगातील उत्तमोत्तम महिला बास्केटबॉलपटू येथे गोळा होत. तौरासीबरोबर पुढे मर्क्युरीचीच ब्रिटनी ग्राइनरही येथे आली. म्हणजे उन्हाळ्यात फिनिक्समध्ये एकत्र खेळणाऱ्या खेळाडू हिवाळ्यात उरलमध्येही एकाच संघात असत. यूएमएमसीने तौरासीच्या काळात २०१३ आणि २०१६ साली युरोलीग जिंकली.

या साऱ्याची किंमत शरीर मोजत होते. क्रिकेटपटूंच्या अतिश्रमाबद्दल आपल्याकडे बरेच बोलले जाते. बास्केटबॉल हा तर टणक लाकडी पृष्ठभागावर सतत उड्या मारण्याचा, अचानक थांबण्याचा आणि दिशा बदलण्याचा खेळ. घोटे, गुडघे, कंबर यांना प्रत्येक सामन्यात हादरे बसतात. पुरुष खेळाडूंना हंगाम संपल्यावर तीन-चार महिने मिळतात. तौरासीला दहा वर्षे ते जवळजवळ मिळालेच नाहीत. २०१२च्या हंगामात ती दुखापतींमुळे मर्क्युरीसाठी केवळ आठ सामने खेळू शकली. २०१९मध्ये पाठीच्या मणक्यातील चकतीवर शस्त्रक्रिया झाली आणि तिला सहाच सामने खेळता आले.

या पार्श्वभूमीवर २०१५चा निर्णय पाहिला म्हणजे त्यातील तर्क स्पष्ट होतो. वयाच्या तेहेतिसाव्या वर्षी शरीराला एक तरी मोकळा उन्हाळा हवा होता. दोन मालकांपैकी एकाची रजा काढणे भाग होते, आणि कमी पगार देणाऱ्याची रजा काढली गेली. टीका झाली नाही असे नाही. डब्ल्यूएनबीए ज्या खेळाडूंच्या नावावर तिकिटे विकते, त्यांनीच पाठ फिरविली तर लीग वाढणार कशी, असा सवाल विचारला गेला. त्यात तथ्य होते. संघ तोट्यात असल्याचे मालक सांगत, आणि ते सर्वस्वी खोटे नव्हते. सलग पहिली चार अजिंक्यपदे जिंकणारा ह्यूस्टनचा संघ २००८मध्ये बंद पडला होता आणि पुढच्याच वर्षी सॅक्रामेंटोचाही. पण उत्तम खेळाडू थकून येतात म्हणून खेळ फिका, खेळ फिका म्हणून प्रेक्षक कमी, प्रेक्षक कमी म्हणून पगार कमी आणि पगार कमी म्हणून खेळाडू थकेपर्यंत परदेशी खेळतात, हे चक्र खेळाडूंनी सुरू केलेले नव्हते. तौरासीने फक्त एका उन्हाळ्यापुरते त्यातून अंग काढून घेतले. एरवी दरवर्षी थकून परत येणाऱ्या डझनावारी खेळाडूंची जी गोष्ट कोणी छापली नसती, ती त्यामुळे पहिल्या पानावर आली.

२०१६मध्ये ती मर्क्युरीकडे परतली. १८ जून २०१७ रोजी लॉस एंजेलिसमध्ये तिने टिना थॉम्प्सनचा ७,४८८ गुणांचा विक्रम मागे टाकला आणि ती डब्ल्यूएनबीएत सर्वाधिक गुण करणारी खेळाडू ठरली. त्याच वर्षी तिने रशियाचा निरोप घेतला आणि मर्क्युरीतील तिची पूर्वीची सहकारी, ऑस्ट्रेलियाची पेनी टेलर हिच्याशी विवाह केला. २०१८मध्ये त्यांना मुलगा झाला, २०२१मध्ये मुलगी. मुलीचा जन्म झाला तो मर्क्युरीने लास व्हेगासमध्ये उपान्त्य मालिकेचा निर्णायक सामना जिंकल्यानंतर काही तासांतच. विजयानंतर मैदानावरूनच, दूरचित्रवाणीच्या कॅमेऱ्यासमोर, थोडा वेळ थांब, मी येतेच आहे, असे तिने पत्नीला विनवले होते.

जानेवारी २०२०मध्ये लीग आणि खेळाडू संघटना यांच्यात नवा सामूहिक करार झाला. कमाल वेतन सुमारे एक लाख १७ हजारांवरून दोन लाख १५ हजार डॉलरवर गेले. प्रसूतिरजेच्या काळात पूर्ण वेतन आणि दौऱ्यात प्रत्येकीला स्वतंत्र खोली या गोष्टी त्यात आल्या. एकविसाव्या शतकाची दोन दशके लोटल्यावर राष्ट्रीय पातळीवरील व्यावसायिक खेळाडूंना स्वतंत्र खोलीसाठी वाटाघाटी कराव्या लागल्या, ही नोंद पुरेशी बोलकी आहे. पण या कराराला एक धारदार कलमही होते. २०२३पासून, परदेशातील हंगाम लांबल्यामुळे सराव शिबिराला उशिरा येणाऱ्या खेळाडूला दंड आणि पुढे संपूर्ण हंगामाचे निलंबन अशी तरतूद करण्यात आली. २०१५सारखा प्रसंग पुन्हा येऊ नये, याची ही तजवीज होती. पगार वाढवून दिला आणि त्याबरोबर दुसऱ्या पगाराची वाट अरुंद केली, असाच तिचा अर्थ अनेक खेळाडूंनी लावला.

ती वाट बंद केली मात्र निराळ्याच घटनेने. १७ फेब्रुवारी २०२२ रोजी येकातेरिनबुर्गच्या संघात दाखल होण्यासाठी निघालेल्या ब्रिटनी ग्राइनरला मॉस्कोच्या शेरेमेत्येवो विमानतळावर अटक झाली. तिच्या सामानात गांजाच्या तेलाच्या कुप्या सापडल्या होत्या. आठवडाभरातच रशियाने युक्रेनवर आक्रमण केले आणि एका खेळाडूची अटक ही दोन महासत्तांमधील सौद्याची बाब होऊन बसली. ४ ऑगस्टला तिला नऊ वर्षांची शिक्षा झाली. त्या संध्याकाळी मर्क्युरीचा सामना कनेक्टिकटमध्ये होता. ग्राइनरचा गणवेश क्रमांक ४२. सामन्यापूर्वी दोन्ही संघ हातात हात घालून ४२ सेकंद स्तब्ध उभे राहिले आणि नंतर खेळले. तौरासी आणि ग्राइनर यांनी अनेक हिवाळे त्याच येकातेरिनबुर्गमध्ये एकत्र काढले होते. ८ डिसेंबर २०२२ रोजी, रशियन शस्त्रव्यापारी व्हिक्टर बूट याच्या बदल्यात, अबुधाबीत ग्राइनरची सुटका झाली. तोवर युरोलीगमधून रशियन क्लबांना वगळण्यात आले होते.

३ ऑगस्ट २०२३ रोजी फिनिक्समध्ये अटलांटाविरुद्ध तौरासीने तीन गुणांच्या फेकीने दहा हजार गुणांचा टप्पा ओलांडला. डब्ल्यूएनबीएत तिच्याआधी हा टप्पा कोणीही गाठलेला नव्हता. विक्रमासाठी त्या दिवशी १८ गुण हवे होते. एकेचाळीस वर्षांच्या तौरासीने ४२ गुण केले. पुढच्या वर्षी पॅरिसला तिने सहावे ऑलिम्पिक सुवर्ण मिळविले. पुरुष वा महिला, कोणत्याही बास्केटबॉलपटूला इतकी सुवर्णपदके मिळालेली नाहीत. स्पर्धेच्या उत्तरार्धात ती बहुतेक वेळ बाकावरच होती, हेही खरे. तिला संघात घेऊन केटलिन क्लार्कला का वगळले, यावर अमेरिकेत वाद झाला होता.

क्लार्क हा पुढच्या पिढीचा चेहरा. तिच्यामुळे २०२४मध्ये डब्ल्यूएनबीएच्या सामन्यांना अभूतपूर्व गर्दी लोटली. व्यावसायिक खेळाडूंपुढे आल्यावर तिला वास्तवाची जाणीव होईल, असे भाकीत तौरासीने हंगामापूर्वी केले होते; क्लार्कने पहिल्याच हंगामात एका वर्षातील सर्वाधिक साहाय्यांचा विक्रम करून ते बव्हंशी खोटे ठरविले. पण एवढ्या गर्दीच्या धनी असलेल्या क्लार्कचे पहिल्या वर्षीचे लीगमधील वेतन होते ७६ हजार ५३५ डॉलर. तौरासीच्या पहिल्या वेतनापेक्षा ते अधिक होते. वीस वर्षांच्या महागाईनंतर किती अधिक, याचा हिशेब वाचकाने करावा. त्याच वर्षी सर्व संघांना खास विमाने मिळाली. त्याआधी, २०२१मध्ये, स्वखर्चाने खास विमान घेतल्याबद्दल न्यूयॉर्कच्या संघाला लीगने पाच लाख डॉलरचा दंड केला होता. जुलै २०२४मध्ये प्रक्षेपण हक्कांचा ११ वर्षांचा, सुमारे २२० कोटी डॉलरचा करार जाहीर झाला आणि ऑक्टोबरमध्ये खेळाडू संघटनेने जुन्या वेतन करारातून मुदतीपूर्वी बाहेर पडण्याचा निर्णय घेतला.

तौरासीचा अखेरचा सामना २५ सप्टेंबर २०२४ रोजी मिनेसोटात झाला. मर्क्युरी तो हरली. वीस हंगाम, एकच अमेरिकी संघ आणि १०,६४६ गुण, अशी तिची डब्ल्यूएनबीएतील नोंद आहे. तिच्या आकडेवारीच्या तक्त्यात २०१४नंतर थेट २०१६ येते.

जानेवारी २०२५मध्ये मायामीजवळ अनरायव्हल्ड ही नवी लीग सुरू झाली. नफीसा कॉलिअर आणि ब्रिआना स्टुअर्ट या दोन खेळाडूंनीच ती स्थापन केली. संघात तीन-तीन खेळाडू, छोटे मैदान आणि सरासरी वेतन दोन लाख डॉलरहून अधिक. तिचा हंगाम हिवाळ्यातला आहे, म्हणजे नेमका त्या महिन्यांतला, ज्यांत अमेरिकी खेळाडू रशिया-तुर्कस्तानची विमाने पकडत. या लीगचा पहिला हंगाम सुरू असतानाच, २५ फेब्रुवारी रोजी, तौरासीने निवृत्ती जाहीर केली.